रेशनकार्डाचा रंग आणि धान्याचा हिशोब

आपल्या हॉस्टेलवर चार विषयांवर कोणीही उठून तज्ज्ञासारखं बोलू शकतं : क्रिकेट, प्लेसमेंट, मेसची भाजी आणि रेशनकार्ड. पहिल्या तीन विषयांवर चुकीचं बोललं तर फारसं काही बिघडत नाही. चौथ्यात मात्र कोणाच्या तरी घरातलं महिन्याचं वीस-पंचवीस किलो धान्य जातं किंवा येतं. म्हणून हा लेख.

मी लातूर जिल्ह्यातल्या एका खेड्यातली. आमच्या घरी केशरी कार्ड आहे, त्याच्यावर आईचा फोटो आहे आणि महिन्याला पाच माणसांचं धान्य येतं. हे रूमवर सांगितलं की हमखास प्रश्न येतो, "केशरीला कुठे मिळतं धान्य? ते तर पिवळ्याला!" तेव्हा सुरुवात इथूनच करू.

रंग वेगळा, योजना वेगळी

महाराष्ट्रात तिरंगी कार्डं १ मे १९९९ पासून आली. वर्षाचं कौटुंबिक उत्पन्न १५,००० रुपयांपर्यंत असेल तर पिवळं, १५,००१ ते १ लाख असेल तर केशरी आणि त्याच्या वर पांढरं (सरकारी भाषेत 'शुभ्र'). घरात चारचाकी असेल (टॅक्सी चालवून पोट भरणारे सोडून) किंवा चार हेक्टरपेक्षा जास्त बागायत जमीन असेल तरीही पांढरंच. पिवळ्याच्या अटी आणखी कडक. घरात कोणी डॉक्टर, वकील, आर्किटेक्ट किंवा सीए नको, आणि कोणी आयकर किंवा व्यवसाय कर भरणाराही नको.

पुढे २०१३ साली राष्ट्रीय अन्नसुरक्षा कायदा आला आणि १ फेब्रुवारी २०१४ पासून आपल्या राज्यात लागू झाला. या कायद्याला कार्डाच्या रंगाशी देणंघेणं नाही. त्याच्या दृष्टीने धान्य मिळणारी कुटुंबं दोनच प्रकारची : 'अंत्योदय' आणि 'प्राधान्य'. पिवळ्या कार्डवाल्यांपैकी जे अंत्योदयमध्ये नव्हते ते प्राधान्यमध्ये गेले, आणि केशरीतल्या ज्यांचं उत्पन्न ठरावीक मर्यादेच्या आत आहे अशांनाही प्राधान्यमध्ये घेतलं. ही मर्यादा राज्याने ठरवली : ग्रामीण भागात वर्षाला ४४,००० रुपये आणि शहरी भागात ५९,००० रुपये. अर्ज करायच्या दिवशी कार्यालयातल्या फलकावरचा आकडा एकदा बघून घ्यावा, कारण मर्यादा शासन निर्णयाने ठरते आणि शासन निर्णयानेच बदलते.

म्हणजे केशरी कार्डाचे दोन भाऊ असतात. एकाला धान्य मिळतं, दुसऱ्याला नाही, आणि बाहेरून दोन्ही कार्डं सारखीच दिसतात! आपलं कार्ड नेमकं कुठे आहे हे रंगावरून कळत नाही. ते १२ अंकी शिधापत्रिका क्रमांक टाकून पुरवठा विभागाच्या संकेतस्थळावर, 'मेरा राशन' ॲपवर किंवा सरळ दुकानदाराच्या मशीनवर कळतं.

किती मिळतं?

हा भाग आपल्या लोकांना आवडेल, कारण इथे ग्राफ आहे. अंत्योदय कुटुंबाला महिन्याला सरसकट ३५ किलो, घरात माणसं कितीही असोत. प्राधान्य कुटुंबाला माणशी ५ किलो. एक आडवी रेघ (३५) आणि एक तिरकी रेघ (५ गुणिले माणसं). दोन्ही कुठे छेदतात? सात माणसांवर. घरात दोन म्हाताऱ्या माणसांशिवाय कोणी नसेल तर अंत्योदयमध्ये ३५ किलो आणि प्राधान्यमध्ये १० किलो, म्हणजे फरक केवढा! आठ-नऊ माणसांच्या घरात मात्र प्राधान्यवाल्याला जास्त मिळतं.

अंत्योदय योजना जुनी आहे, २५ डिसेंबर २००० ला सुरू झालेली. ती गरिबातल्या गरिबांसाठी : भूमिहीन शेतमजूर, हमाल, कचरा वेचणारे, चांभार-कुंभारांसारखे कारागीर, विधवा किंवा अपंग व्यक्ती कुटुंबप्रमुख असलेली आणि दुसरा आधार नसलेली घरं, साठीच्या पुढची निराधार माणसं. कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड या आपल्या राज्यातल्या आदिम जमातींची कुटुंबंही यात येतात.

दराचं म्हणाल तर कायद्यात तांदूळ ३ रुपये, गहू २ रुपये आणि भरड धान्य १ रुपया किलो असं लिहिलेलं होतं. १ जानेवारी २०२३ पासून हे धान्य मोफत झालं आणि १ जानेवारी २०२४ पासून पुढची पाच वर्षं ते मोफतच राहील असा केंद्राचा निर्णय आहे. तेव्हा दुकानात कोणी किलोमागे दोन-तीन रुपये 'जुन्या दराने' मागत असेल तर देऊ नका. आणि पावती घ्या! मशीनमधून निघणाऱ्या पावतीवर किती किलो दिलं हे छापलेलं असतं. पिशवीतलं वजन आणि पावतीवरचं वजन सारखं हवं.

एक वेगळा प्रकार मराठवाडा-विदर्भातल्या मित्रांसाठी. छत्रपती संभाजीनगर आणि अमरावती विभागातले सगळे जिल्हे आणि वर्धा अशा १४ जिल्ह्यांत केशरी कार्डाच्या, पण प्राधान्यमध्ये नसलेल्या शेतकरी कुटुंबांना २०१५ पासून सवलतीचं धान्य मिळत होतं. २०२३ पासून त्याऐवजी बँकेत माणशी दरमहा पैसे जमा करायचं ठरलं. सुरुवात १५० रुपयांनी झाली, पुढे १७० केले. घरी विचारा, अर्ज दिलाय का आणि खात्याला आधार जोडलाय का ते.

हॉस्टेलवर राहणाऱ्यांचं काय?

रेशनकार्ड कुटुंबाचं असतं, आणि कुटुंब म्हणजे एका चुलीवर जेवणारी माणसं. आपण शिकायला बाहेर आलो म्हणून आपली चूल वेगळी होत नाही. नाव घरच्या कार्डावरच राहतं, आणि हॉस्टेलच्या पत्त्यावर वेगळं कार्ड काढायचा प्रश्न येत नाही. एका माणसाचं नाव दोन कार्डांवर असणं हा तर सरळ गुन्हा. (अनुसूचित जाती-जमाती व इतर मागासवर्गीय विद्यार्थ्यांच्या वसतिगृहांना धान्य देण्याची केंद्राची वेगळी योजना आहे, पण ते संस्थेच्या नावाने येतं. त्याचा आपल्या घरच्या कार्डाशी संबंध नाही.)

पण एक काम आपल्यालाच करावं लागतं, ते म्हणजे ई-केवायसी. कार्डावरच्या प्रत्येकाने ई-पॉस मशीनवर आधारच्या बोटाने आपण जिवंत आणि खरे आहोत हे सिद्ध करायचं. यात हॉस्टेलची पोरं हमखास राहून जातात, कारण घरचे सगळे एका दिवशी जाऊन अंगठा लावून येतात आणि आपण इकडे सबमिशनमध्ये. ई-केवायसी नाही तर त्या नावाचं धान्य थांबू शकतं. यासाठी गावी जायची गरज नाही! कुठल्याही रेशन दुकानात होतं, आणि 'मेरा ई-केवायसी' ॲपवर चेहरा दाखवूनही होतं. मी माझं कॉलेजच्या मागच्या रस्त्यावरच्या दुकानात केलं. आधार आणि कार्ड नंबर नेला, पाच मिनिटं लागली, एक रुपया लागला नाही.

पोळ्या करणाऱ्या मावशी आणि १२ आकडे

आता आपल्या मेसकडे वळू. पोळ्या करणाऱ्या मावशी हिंगोली जिल्ह्यातल्या. नाव देत नाही, त्यांनीच नको म्हटलं. गेली काही वर्षं त्या, मुलगा, सून आणि नातू इथे एका खोलीत भाड्याने राहतात. मुलगा सेंट्रिंगच्या कामावर जातो. कार्ड गावचं, प्राधान्य योजनेतलं. पण सणाला नाहीतर जत्रेला गावी गेल्या तरच त्या महिन्याचं धान्य उचलायच्या, बाकी सगळे महिने दुकानातून विकत. का? "कार्ड गावचं हाय ना बाई, हितं कोन देतंय?"

तर देतात. 'एक देश एक रेशनकार्ड' यालाच म्हणतात. ऑगस्ट २०१९ मध्ये याची सुरुवात झाली तेव्हा महाराष्ट्र आणि गुजरात ही पहिल्या जोड्यांपैकी एक होती, आणि २०२२ पर्यंत सगळी राज्यं यात आली. अन्नसुरक्षा कायद्यातलं कार्ड असेल तर देशातल्या कुठल्याही रास्त भाव दुकानात आपल्या वाट्याचं धान्य मिळतं. कार्ड 'ट्रान्सफर' करावं लागत नाही, कुठला दाखलाही लागत नाही. फक्त १२ अंकी नंबर किंवा आधार नंबर आणि कार्डावरच्या एकाचा अंगठा. शिवाय वाटून घेता येतं. कामावर आलेल्याने थोडं इथे घ्यायचं आणि उरलेलं त्याच महिन्यात घरच्यांनी गावी उचलायचं. आपल्या मेसमध्ये बिहारहून आलेले आचारी आहेत, त्यांनाही हे लागू आहे.

आम्ही रासेयोच्या तिघी जणी मावशींबरोबर दुकानात गेलो. दुकानदाराने नंबर टाकला, नावं आली. मावशींचा अंगठा मात्र मशीन घेईना. दोनदा, तीनदा... रोज कणीक मळून आणि तापलेल्या तव्यावर पोळ्या उलटून बोटांवरच्या रेषा झिजल्या होत्या. यात मावशींचा काही दोष नाही आणि त्यासाठी धान्य नाकारताही येत नाही. दुसरं बोट, कार्डावरचा दुसरा माणूस, मशीनला सोय असेल तर डोळ्याची बुबुळं, नाहीतर मोबाईलवरचा ओटीपी असे मार्ग असतात. आधारचा मेळ बसला नाही म्हणून कोणालाही उपाशी परत पाठवू नये, अशी लेखी सूचना केंद्राने ऑक्टोबर २०१७ मध्येच राज्यांना दिली आहे. संध्याकाळी मुलगा आला, त्याचा अंगठा पहिल्या झटक्यात लागला.

कार्डावर तीन नावं होती : मावशी, मुलगा आणि मावशींचे मालक, जे वारून तीन वर्षं झाली. सुनेचं आणि नातवाचं नावच नव्हतं. मावशींनी आधी काय विचारलं असेल? "ह्यांचं नाव कसं काढायचं?" मी म्हटलं, मावशी, आधी सुनेचं चढवू. तर म्हणाल्या, "मेल्या मानसाच्या नावचं धान्य घरात नको. आदी ते काढा." मग नमुना ९ आणि नमुना ८ असे दोन्ही अर्ज एकदमच भरले.

अर्ज कसा करायचा

नवीन कार्डासाठी नमुना १, नाव वाढवायला नमुना ८, नाव कमी करायला नमुना ९, पत्ता वगैरे बदलायला नमुना १४ आणि कार्ड हरवलं-फाटलं तर दुबार कार्डासाठी नमुना १५. हे पाच आकडे पाठ असले तर कार्यालयाबाहेरच्या एजंटचं निम्मं दुकान बंद होतं.

ग्रामीण भागात अर्ज तहसील कार्यालयाच्या पुरवठा शाखेत जातो. मुंबईत शिधावाटप कार्यालय असतं, पुण्यासारख्या शहरात अन्नधान्य वितरणाचं परिमंडळ कार्यालय. ऑनलाइनही भरता येतो. नवीन कार्डासाठी साधारण हे लागतं : घरातल्या सगळ्यांची आधारकार्डं, तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला, राहत्या जागेचा पुरावा (वीजबिल, भाडेकरार यांपैकी काही), बँक पासबुक, महिला कुटुंबप्रमुखाचा फोटो आणि आधीच्या कार्डातून नाव कमी केल्याचा दाखला. महिलेचा फोटो कशाला? कारण कायद्यानेच घरातली १८ वर्षांवरची सगळ्यात मोठी बाई ही रेशनकार्डापुरती कुटुंबप्रमुख असते. घरातले पुरुष काहीही म्हणोत!

सुनेचं नाव चढवताना सगळी गाडी अडते ती 'नाव कमी केल्याच्या दाखल्या'वर. तो माहेरच्या तालुक्यातून आणावा लागतो. मावशींच्या सुनेचं माहेर परभणी जिल्ह्यात. दोन खेपा झाल्या, दोन दिवसांची मजुरी बुडाली. घरात लग्न झालं की आहेर मोजायच्या आधी हा दाखला काढून ठेवा, एवढंच मी म्हणेन. नातवासाठी जन्मदाखला आणि आधार पुरलं.

तीन गोष्टी विसरू नका. पहिली, अर्ज दिल्यावर तारीख-शिक्क्याची पोच घेतल्याशिवाय टेबल सोडायचं नाही. दुसरी, शिधापत्रिकेची कामं महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली येतात. किती दिवसांत काम व्हायला हवं ते कार्यालयात लावलेलं असतं. मुदत उलटली किंवा अर्ज फेटाळला तर ३० दिवसांत अपील करता येतं, आणि कारण नसताना उशीर करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो. तिसरी, दुकानाची तक्रार असेल तर १९६७ हा टोल फ्री नंबर, त्याच्यावर जिल्हा तक्रार निवारण अधिकारी आणि त्याच्याही वर राज्य अन्न आयोग. आणखी एक, कार्ड पडून ठेवू नका. २०२५ च्या दुरुस्तीनंतर सहा महिने धान्य उचललं नाही तर कार्ड तात्पुरतं बंद करून तपासणी होते.

मग सगळ्यांना का मिळत नाही?

मावशींच्या सुनेचं आणि नातवाचं नाव कार्डावर चढलं. धान्य मात्र सध्या मावशी आणि मुलगा दोघांचंच, १० किलो मिळतं. याचं कारण एका सरकारी शब्दात आहे : 'इष्टांक'. कायद्याने देशात ग्रामीण भागातल्या ७५ टक्के आणि शहरी भागातल्या ५० टक्के लोकांपर्यंतच धान्य द्यायचं ठरवलं आणि प्रत्येक राज्याला त्याचा आकडा वाटून दिला. महाराष्ट्राचा आकडा साधारण ७ कोटी. हा २०११ च्या जनगणनेवरून काढलेला, आणि पुढची जनगणना ठरल्या वेळी, म्हणजे २०२१ ला, झालीच नाही. माणसं वाढली, आकडा तिथेच. त्यामुळे आपण पात्र असलो तरी यादीत जागा मोकळी व्हावी लागते. बस फुल्ल असेल तर कोणी उतरल्याशिवाय पुढचा चढत नाही, तसं.

आपल्या गेटवरच्या एका वॉचमन काकांचं उदाहरण घ्या. पगार महिना ११,०००. वर्षाचे झाले १ लाख ३२ हजार. घरात खाणारी पाच तोंडं. नियमाने ते प्राधान्यमध्ये सोडाच, केशरीतही बसत नाहीत. शहरातली ५९,००० ची मर्यादा म्हणजे महिन्याला पाच हजारही नाहीत. काका मला म्हणाले, "म्हणजे मी श्रीमंत झालो की काय?" याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. फी-सवलतीच्या शिष्यवृत्तीला ८ लाखांपर्यंतचं उत्पन्न चालतं आणि धान्याला ५९ हजार, हा हिशोब मलाही पटत नाही.

मग पुढचा सल्ला येतोच, "कमी उत्पन्नाचा दाखला काढा की!" काढतातही लोक. पण खोट्या माहितीवर धान्य उचललं तर कार्ड रद्द होतं, वसुली निघते आणि अत्यावश्यक वस्तू कायद्याखाली गुन्हाही दाखल होऊ शकतो. शिवाय आता दाखले आणि आधार ऑनलाइन असल्याने जुळवणी सोपी झाली आहे. पण मला यापेक्षा मोठं कारण इष्टांकाचं वाटतं. यादीतली प्रत्येक चुकीची जागा म्हणजे बाहेर थांबलेलं एक खरं माणूस.

आपला वाटा

हे सगळं मी का लिहिते आहे ते सांगते. आमचं घर या धान्यावर चाललं आहे. दोन दुष्काळी वर्षांत तर तेच होतं. किलोला ३० रुपये जरी धरले तरी पाच माणसांचे महिन्याला साडेसातशे रुपये वाचतात, आणि ते साडेसातशे माझ्या वह्या-पुस्तकांना आणि बसच्या पासाला लागले. त्यात लाज वाटण्यासारखं काही नाही. तो कायद्याने दिलेला हक्क आहे, कोणाची भीक नाही.

पण पुढच्या वर्षी प्लेसमेंट आहे. आपल्यापैकी ज्यांच्या घरी हे कार्ड आहे आणि ज्यांना चार लाखांचं का होईना पॅकेज लागेल, त्यांच्या घराचं उत्पन्न पहिल्या दोन पगारांतच मर्यादा ओलांडणार. आपल्या राज्यात २०१६ पासून 'अनुदानातून बाहेर पडा' अशी योजना आहे. साधा एका पानाचा अर्ज असतो. घरच्यांशी बोला, आईला समजावून सांगा. आमच्या घरी हे बोलणं झालंय. आई आधी गप्प बसली, मग म्हणाली, "तुझा पगार तीन महिने नीट येऊ दे, मग देऊ लिहून." मला ते पटलं.

तोवर दोन कामं करा. आज रात्री घरी फोन कराल तेव्हा कार्डाचा १२ अंकी नंबर लिहून घ्या आणि सगळ्यांचं ई-केवायसी झालंय का विचारा. आणि उद्या मेसमध्ये ताट घेताना काका-मावशींना एवढंच विचारा, "तुमचं कार्ड कुठलं?" गावचं आहे म्हणाले, तर त्यांच्याबरोबर एकदा दुकानापर्यंत जा. अर्धा तास लागतो. तेवढा वेळ तर आपण रोज मेसच्या भाजीवर बोलण्यात घालवतोच.